बिनआकड्याचा खेळाडू

अमेरिकन फुटबॉलमध्ये चेंडू ज्या संघाकडे असतो, त्याच्या अकरा खेळाडूंपैकी पाच जण चेंडू घेऊन धावत नाहीत आणि तो झेलतही नाहीत. मध्ये सेंटर, त्याच्या दोन्ही बाजूंना गार्ड आणि टोकांना टॅकल अशी त्यांची रांग असते. तिला ऑफेन्सिव्ह लाइन म्हणतात. सेंटर पायांमधून चेंडू मागे क्वार्टरबॅकच्या, म्हणजे डाव चालवणाऱ्या आणि चेंडू फेकणाऱ्या गड्याच्या, हाती देतो, तो स्नॅप. प्रत्येक डाव तिथून सुरू होतो. पुढच्या दोन-तीन सेकंदांत क्वार्टरबॅकवर चाल करून येणाऱ्यांना थोपवायचे, किंवा आपला गडी धावणार असेल तर त्याच्यासाठी वाट मोकळी करायची, एवढेच या पाचांचे काम. त्यांच्या जर्सीचे क्रमांक 50 ते 79 यांमधले असतात. पंचांना आधी कळवल्याशिवाय त्यांनी पुढे फेकलेला चेंडू झेलायचा नाही, असा नियमच आहे.

या खेळात जवळपास प्रत्येक गोष्टीचा आकडा ठेवतात. धावणाऱ्याचे यार्ड, झेलणाऱ्याचे झेल, बचावातल्या गड्याने क्वार्टरबॅकला चेंडूसकट किती वेळा लोळवले त्याचे सॅक. लाइनमनच्या खात्यावर मात्र फक्त चुका जमा होतात. समोरच्याला धरून ठेवले तर होल्डिंग, दहा यार्ड मागे; स्नॅपच्या आधी जरा हलला तर फॉल्स स्टार्ट, पाच यार्ड मागे. त्यातही पंच ध्वनिक्षेपकावरून त्याचा क्रमांक पुकारतात. साठ-सत्तर हजार प्रेक्षकांना त्याचा क्रमांक ऐकू येतो तो बहुधा तेव्हाच.

काम जवळून पाहिले तर ते ताकदीपेक्षा पावलांचे आहे. क्वार्टरबॅक उजव्या हाताने फेकणारा असेल, तर फेकताना त्याची पाठ डावीकडे वळते, आणि ती पाठ लेफ्ट टॅकलने सांभाळायची असते. तो गुडघे वाकवून, बूड खाली ठेवून पवित्रा घेतो. स्नॅप होताच डावा पाय तिरका मागे सरकतो आणि उजवा त्याच्यामागे ओढला जातो. पाय एकमेकांना ओलांडू द्यायचे नाहीत, टाचांवर भार द्यायचा नाही. समोरून वेगाने येणारा सव्वाशे किलोचा गडी पुढे धावत असतो आणि हा मागे सरकत असतो, म्हणजे शर्यत मुळातच विषम. हात घाई करून आधी टाकले तर समोरचा ते झटकून बगलेतून निसटतो. उशीर केला तर तो छातीत शिरतो. दोन्ही तळवे त्याच्या छातीवर, खांद्यांच्या आत बसले तर पंच काही म्हणत नाहीत. तेच हात बाहेर खांद्यावर जाऊन धरू लागले की होल्डिंग. हे सगळे वर्षानुवर्षे घोटावे लागते.

पूर्वी हे हातही असे वापरता येत नसत. क्वार्टरबॅकचे रक्षण करताना हात लांबवून उघड्या तळव्यांनी ढकलायची मुभा 1978 मध्ये मिळाली, आणि चेंडू फेकण्याचा खेळ वाढला. 18 नोव्हेंबर 1985 रोजी न्यूयॉर्क जायंट्सच्या लॉरेन्स टेलरने वॉशिंग्टनचा क्वार्टरबॅक जो थाइसमन याला पाडले. थाइसमनचा पाय मोडला आणि त्याची कारकीर्द तिथेच संपली. देशभर हा सामना दूरदर्शनवर दिसत होता. क्वार्टरबॅकची पाठ किती मोलाची आहे, हे संघांना समजावून सांगावे लागले नाही. 1993 पासून करार संपलेल्या खेळाडूला दुसऱ्या संघात जायची मोकळीक मिळाली आणि हे मोल पगारात दिसू लागले. लेफ्ट टॅकल बघता बघता सर्वात महागड्या खेळाडूंमध्ये जाऊन बसला.

तिथवर पोहोचायची नेहमीची वाट म्हणजे शाळा, विद्यापीठ आणि मग ड्राफ्ट, म्हणजे दर वसंतात संघांनी पाळीपाळीने केलेली नव्या खेळाडूंची निवड. अपवाद आहेत. सिडनीत रग्बी लीग खेळलेला जॉर्डन मैलाटा अमेरिकन फुटबॉलचा एकही सामना न खेळता 2018 मध्ये 233 व्या क्रमांकावर निवडला गेला आणि फिलाडेल्फियाचा लेफ्ट टॅकल झाला.

जो थॉमस या लेफ्ट टॅकलची वाट मात्र सरळ होती. विस्कॉन्सिन राज्यातल्या ब्रुकफील्डचा हा मुलगा विस्कॉन्सिन विद्यापीठात फुटबॉलबरोबर गोळाफेक आणि थाळीफेकही करायचा. 2006 च्या सुरुवातीला एका सामन्यात बचावफळीत माणसे कमी पडली म्हणून त्याला तिकडे उतरवले, आणि गुडघ्यातला अस्थिबंध तुटला. तो सावरला. त्याच वर्षीच्या हंगामात, लाइनवरच्या सर्वोत्तम विद्यापीठीय खेळाडूला मिळणारी आउटलँड ट्रॉफी त्याने पटकावली. एप्रिल 2007 मध्ये न्यूयॉर्कला ड्राफ्टचा सोहळा चालू असताना तो तिकडे फिरकलाच नाही. वडिलांबरोबर मिशिगन सरोवरात मासे पकडत होता. ओहायो राज्यातल्या क्लीव्हलँड ब्राउन्सने त्याला तिसऱ्या क्रमांकावर निवडले.

पहिल्या सामन्यापासून तो डाव्या टोकाला उभा राहिला. त्याच्या शेजारी आणि मागे बाकी सगळे बदलत गेले. अकरा हंगामांत सहा मुख्य प्रशिक्षक झाले. सामन्याची सुरुवात करणारे क्वार्टरबॅक वीस झाले. त्यातल्या पहिल्याची तर एका सामन्यानंतरच दुसऱ्या संघात रवानगी झाली. थॉमस खेळला ते सामने 167. त्यातले ब्राउन्सने जिंकले 48. बाद फेरीचा एकही सामना त्याच्या वाट्याला आला नाही. तरी पहिल्या दहाही हंगामांत त्याची प्रो बोलसाठी, म्हणजे निवडक तारकांच्या सामन्यासाठी, निवड झाली. हरणाऱ्या संघातला लाइनमन इतका उठून दिसणे ही दुर्मीळ गोष्ट. तिथे सहसा कोणी बघतच नाही.

साडेसहा फूट उंची आणि 140 किलोच्या आसपास वजन, ही या जागेची गरज. ते वजन टिकवणे हा वेगळाच जाच असतो. खुराक पैलवानाचा, पण भूक नसतानाही खायचा. थॉमसचे गुडघेही त्या वजनाखाली झिजत गेले.

डोक्याचे नुकसान अधिक गंभीर. लाइनवर जवळपास प्रत्येक डावात डोके आपटते. धक्के लहान असतात, बेशुद्ध पाडणारे नसतात, म्हणून कोणी मोजत नाही. पिट्सबर्ग स्टीलर्सचा सेंटर माइक वेबस्टर 1974 पासून सतरा हंगाम खेळला, चार सुपर बोल, म्हणजे विजेतेपदाचे अंतिम सामने, जिंकला आणि 2002 मध्ये पन्नाशीत वारला. शेवटची वर्षे विस्मरणात आणि विपन्नावस्थेत गेली होती. नायजेरियात जन्मलेले डॉक्टर बेनेट ओमालू यांनी त्याचा मेंदू तपासला, आणि वारंवारच्या आघातांनी होणारा सीटीई हा विकार त्यात आढळला. हा निष्कर्ष 2005 मध्ये प्रसिद्ध झाला. पुढे हजारो माजी खेळाडूंनी या व्यावसायिक संघांच्या लीगविरुद्ध दावे लावले आणि लीगला भरपाईची मोठी तडजोड मान्य करावी लागली.

थॉमस दुखापतींसकट खेळत राहिला. त्यामुळे एक आकडा त्याच्याही नावावर लागला: सलग 10,363 स्नॅप. संघ आक्रमणाला उतरला आणि थॉमस बाहेर बसला, असे दहा वर्षांत एकदाही घडले नाही. स्नॅपची नोंद 1999 पासूनच ठेवली जाते. त्या नोंदीत इतकी लांब मालिका कोणाची नाही. 22 ऑक्टोबर 2017 रोजी टेनेसी टायटन्सविरुद्ध तिसऱ्या सत्रात त्याच्या डाव्या दंडाचा मागचा स्नायू फाटला आणि मालिका तुटली. हंगामात पुढे तो खेळला नाही. त्या वर्षी ब्राउन्स सोळाही सामने हरले.

मार्च 2018 मध्ये त्याने निवृत्ती जाहीर केली. सक्तीचे खाणे सुटले, पोहणे आणि योग सुरू झाले, आणि वीस-बावीस किलो वजन असे उतरले की जुन्या छायाचित्राशेजारी तो दुसराच माणूस वाटावा. ब्राउन्सने 10,363 हा आकडा मैदानावरच्या सन्मानफलकांत लावला. ऑगस्ट 2023 मध्ये ओहायो राज्यातल्याच कँटनच्या हॉल ऑफ फेममध्ये, पात्रतेच्या पहिल्याच वर्षी, त्याचा समावेश झाला.