एका पायाच्या दहा ओळी

गुडघ्याखालचा कृत्रिम पाय अमेरिकेत बिलावर येतो तेव्हा त्याच्या आठ-दहा ओळी होतात. प्रत्येक ओळीत ‘एल’ हे अक्षर, पुढे चार आकडे, पाय डावा की उजवा याची खूण, नग किती आणि शेवटी रक्कम. ‘कृत्रिम पाय, एक नग’ अशी ओळ कुठेच नसते. पुण्यात संध्याकाळी साडेसहाला आमची शिफ्ट सुरू होते, तेव्हा उन्हाळ्याच्या दिवसांत तिकडे पूर्व किनाऱ्यावर सकाळचे नऊ वाजलेले असतात, क्लिनिकं उघडत असतात. रात्रभर आम्ही या ओळी लावतो, तपासतो, पाठवतो आणि नाकारून परत आलेल्या ओळींसाठी भांडतो. ज्यांचे पाय, ती माणसं आम्हाला कधी दिसत नाहीत. त्यांची नावं ऑफिसच्या दाराबाहेर नेता येत नाहीत, म्हणून इथेही ती येणार नाहीत.

बिलिंगमध्ये नव्याने आलेल्याला पाय कागदावरच भेटतो. आमच्या ट्रेनर मॅडमना ते मान्य नव्हतं. त्यांनी कुठूनसा एक जुना डेमो पाय मिळवला होता. तो टेबलावर आडवा ठेवून त्या ॲलन कीने एकेक भाग सोडवायच्या आणि विचारायच्या, “हं, सांगा, याचा कोड काय?” आम्ही सगळे पावलाकडे बघत असू. त्या मात्र सुरुवात वरून करायच्या.

मूळ कोड एल ५३०१. गुडघ्याखालचा पाय: स्टम्पचा, म्हणजे कापल्यावर उरलेल्या पायाचा, साचा घेऊन केलेला सॉकेट (स्टम्प याच्यात बसतो), नडगीच्या जागी नळी आणि ‘सॅच’ नावाचं साधं पाऊल, म्हणजे न हलणारा घोटा आणि टाचेत मऊ गादी. यापुढचं सगळं भर म्हणून वेगळं लागतं. सॉकेट ॲक्रिलिक रेझिनचा असेल तर एल ५६२९. स्टम्पचं टोक सॉकेटच्या तळाला सगळीकडून टेकत असेल तर एल ५६३७. मध्ये पोकळी राहिली तर टोकाला सूज येते, म्हणून हे टेकणं महत्त्वाचं. पक्का सॉकेट करण्याआधी पारदर्शक प्लास्टिकचा एक चाचणी-सॉकेट करतात. तो घालून रुग्णाला उभं केलं की कुठे दाब पडून कातडी पांढरी पडते ते बाहेरून दिसतं. काम झालं की तो टाकून द्यायचा, पण त्याचीही ओळ असते, एल ५६२०. असे दोन चालतात; तिसरा लागला तर का लागला, ते लिहून द्यावं लागतं.

मग लायनर. सिलिकॉनचा हा जाड थर मोज्यासारखा उलटा करून स्टम्पवर गुंडाळत चढवतात. त्याच्या टोकाला दातेरी पिन असते. पाय घालून उभं राहिलं की ती सॉकेटच्या तळातल्या कुलपात टक्‌-टक्‌ करत बसते. कुलूप एल ५६७१, लायनर एल ५६७३. लायनर एका वेळी दोनच मिळतात, एक धुवायला आणि एक घालायला. नळीच्या टोकाशी छोटा पिरॅमिड असतो आणि त्याच्या चार बाजूंना चार स्क्रू. एक सैल करून समोरचा आवळला की पावलाचा कोन बदलतो. मॅडमनी तो स्क्रू आम्हा प्रत्येकाला फिरवायला लावला होता. पाव फेरासुद्धा नाही, तेवढ्यात पाऊल बाहेरच्या अंगाला कललेलं डोळ्यांना दिसलं. ही कोन बदलण्याची सोय म्हणजे एल ५९१०. नळी टायटॅनियमची किंवा कार्बन फायबरची असेल तर हलकेपणाची ओळ एल ५९४०. शेवटी पाऊल, समजा कार्बनचं, एल ५९८१. आणि स्टम्प दिवसभरात आकसतो तसे चढवत जायचे मोजे, एल ८४२०. झाल्या दहा ओळी. कागदी क्लेम फॉर्मवर ओळी सहाच असतात, त्यामुळे कागदावर एक पाय दोन फॉर्मांत विभागला जातो. आता बहुतेक क्लेम संगणकावरून जातात म्हणून ही कटकट वाचली.

या कोडांच्या यादीची भाषाही जुनी झाली आहे. काही कोडांच्या वर्णनात चक्क कंपनीच्या मालाची नावं आहेत. एल ५९८० म्हणजे ‘फ्लेक्स-फूट सिस्टिम’. स्वतः पाय गमावलेल्या व्हॅन फिलिप्स यांनी १९८० च्या दशकात बाजारात आणलेलं कार्बनचं पाऊल ते हेच. एल ५९७६ मध्ये ‘सिॲटल कार्बन कॉपी टू किंवा तत्सम’ असं लिहिलेलं आहे. आज नवं पाऊल बाजारात येतं ते या ‘तत्सम’ शब्दाच्या आडोशाने. कुठल्याच कोडात बसलं नाही तर एल ५९९९, म्हणजे ‘अन्यत्र न नोंदलेलं’. पण त्याला ठरलेला दर नाही, म्हणून सोबत खुलासा जोडा आणि वाट बघा.

गुडघ्यावरचा पाय असला की हिशेब आणखी वाढतो. मायक्रोप्रोसेसर गुडघ्यात सेन्सर असतात. माणूस अडखळला तर आतल्या द्रवाचा रोध त्याच क्षणी वाढतो आणि गुडघा मोडत नाही. ओटोबॉकने १९९७ मध्ये आणलेला सी-लेग हा असाच गुडघा. खोक्यातून वस्तू निघते एक, पण बिलावर तिच्या चार ओळी: द्रवनियंत्रणाची एल ५८२८, उभं असताना गुडघा किंचित वाकू देणारी एल ५८४५, तो सरळ होताना धक्का शोषणारी एल ५८४८ आणि मायक्रोप्रोसेसरची एल ५८५६. शेवटच्या ओळीचा एकटीचा दर वीस हजार डॉलरच्या वर जातो. म्हणजे इथे सुट्या भागांची मोजणी होत नाही, गुणांची होते. पाय काय-काय करू शकतो याची ही यादी असते.

आणि पाय काय करू शकतो त्याआधी माणूस काय करू शकतो ते सिद्ध व्हावं लागतं. त्यासाठी मेडिकेअर, म्हणजे तिथला सरकारी आरोग्यविमा, १९९० च्या दशकाच्या मध्यापासून के-लेव्हल वापरते. के ० म्हणजे पाय दिला तरी चालणं शक्य नाही. के १ घरातल्या सपाट जमिनीवर एका गतीने चालणारा. के २ बाहेर पडणारा, फूटपाथची कड किंवा थोड्या पायऱ्या पार करणारा. के ३ वेग कमी-जास्त करत चालणारा. के ४ म्हणजे लहान मुलं, खेळाडू, धडधाकट कामकरी माणसं. एल ५९८१ सारखं कार्बनचं पाऊल हवं तर के ३ लागतो. मायक्रोप्रोसेसर गुडघाही बरीच वर्षं के ३ च्या दारातच अडकला होता. खरं तर पडण्याची भीती जास्त असते ती के २ च्या माणसाला. १ सप्टेंबर २०२४ पासून अटी पूर्ण झाल्या तर के २ लाही तो मिळू लागला. त्या आठवड्यात आमच्या तपासणीच्या याद्या नव्याने छापल्या गेल्या.

‘पेशंट के ३ आहे’ एवढं लिहून भागत नाही. आम्ही नोंदी वाचतो त्या याच डोळ्याने. एका सत्तरीतल्या गृहस्थांच्या फायलीत प्रोस्थेटिस्टने, म्हणजे पाय बसवणाऱ्याने, लिहिलं होतं: घरापुढचा उतार उतरून कचऱ्याचा डबा रस्त्यापर्यंत नेतात, कुत्र्याला फिरवतात, सिग्नल बदलायच्या आत रस्ता ओलांडायला वेग वाढवतात, चर्चच्या पायऱ्या कठड्याला धरून चढतात. सोबत ४७ गुणांच्या चालण्याच्या चाचणीचे गुण. याहून चांगली नोंद मागायची ती काय! पण त्याच महिन्यातली त्यांच्या डॉक्टरांची नोंद रक्तातल्या साखरेबद्दलची होती. तिच्यात पायाविषयी एकच वाक्य: काठी घेऊन चालतात, तक्रार नाही. दोन कागद शेजारी ठेवले की तपासनिसाला दुसराच दिसतो. क्लेम परत आला, कारण ‘सीओ-५०’, वैद्यकीय गरज सिद्ध होत नाही.

डॉक्टरांच्या कागदाला इतकं वजन का, याला इतिहास आहे. ऑगस्ट २०११ मध्ये अमेरिकेच्या आरोग्य खात्याच्या महानिरीक्षकांचा अहवाल आला. २००५ ते २००९ या काळात कृत्रिम पायांवरचा मेडिकेअरचा खर्च ५१.७ कोटी डॉलरवरून ६५.५ कोटींवर गेला होता, आणि पाय घेणाऱ्यांची संख्या मात्र थोडी घटली होती. काही पुरवठादारांची बिलं शंकास्पद होती. चौकशा वाढल्या, प्रोस्थेटिस्टच्या स्वतःच्या नोंदींवर विसंबणं बंद झालं आणि सगळा भार डॉक्टरांच्या कागदावर आला. मापं घेणारा, पाय बसवणारा, रुग्णाला चालताना बघणारा माणूस प्रोस्थेटिस्ट. त्याचं लिहिणं मात्र पुरावा धरायचं नाही. २०१८ च्या कायद्याने ते वैद्यकीय नोंदींचा भाग म्हणून पुन्हा मान्य झालं, पण डॉक्टरांच्या नोंदीशी विसंगत असेल तर अजूनही पेच पडतोच. डिसेंबर २०२० पासून महागड्या सहा कोडांना देशभर पूर्वपरवानगी लागते. आम्ही तिला ‘ऑथ’ म्हणतो. तिने एक बरं केलं, भांडण पाय देण्याच्या आधी होतं.

आता बिलात काय नाही, ते सांगते. साचा घ्यायला लागलेला वेळ नाही. चाचणी-सॉकेट घालून रुग्ण येरझाऱ्या घालत असताना त्याच्या मागून चालत स्क्रू फिरवणं नाही. पाय दिल्यानंतरचे ९० दिवस रुग्ण ‘इथे टोचतं’ म्हणून येतो, त्या खेपाही नाहीत. नव्याने पाय कापलेल्या माणसाचा स्टम्प आकसत असतो, तेव्हा अशा खेपा बऱ्याच होतात. हे सगळं एल-कोडच्या दरात धरलेलं आहे. मजुरीची स्वतंत्र ओळ आहे, एल ७५२०, दर पंधरा मिनिटांना; पण ती दुरुस्तीसाठी, नव्या पायासाठी नाही. म्हणजे यादीत किंमत लागते ती कार्बनला, सिलिकॉनला, सेन्सरला. हातांची किंमत त्या ओळींच्या पोटात दडलेली असते.

महानिरीक्षकांचा संशय आणि क्लिनिकवाल्यांची तक्रार, दोन्हींचं मूळ मला इथे दिसतं. भागांवर पैसे मिळणार असतील तर भाग वाढवण्याचा मोह होणार. आणि तपासनीस ‘हे पाऊल गरजेचं नाही’ म्हणून एक ओळ खोडतो, तेव्हा कागदावर कार्बनचे पैसे जातात, प्रत्यक्षात बुडतात ते बसवणाऱ्याचे तास. मेडिकेअर मंजूर दराच्या ८० टक्के देते. उरलेले २० टक्के रुग्णाकडून किंवा त्याच्या दुसऱ्या विम्याकडून यायचे असतात. मूळ ओळच नामंजूर झाली तर या टक्केवारीला काही अर्थ उरत नाही.

अपिलाला १२० दिवस असतात. त्या पत्रात प्रोस्थेटिस्टच्या तासांविषयी लिहून उपयोग नसतो, वाचणाऱ्याला त्याचं काही करता येत नाही. त्याला दाखवायचा असतो माणसाचा वेग. म्हणून त्या सत्तरीतल्या गृहस्थांच्या अपिलात काठीचा मुद्दा मी टाळला नाही, पहिल्याच परिच्छेदात घेतला. काठी ते ओल्या गवतावर वापरतात, हे प्रोस्थेटिस्टच्या आधीच्या एका भेटीच्या नोंदीत होतं. तो कागद वर लावला, खाली चाचणीचे गुण, मग उतार, सिग्नल, पायऱ्या. साखरेची नोंदही जोडली. दोन कागद एकमेकांशी भांडत असतील तर दोन्ही द्यावेत आणि भांडण आपणच सोडवून दाखवावं. तपासनिसावर सोडलं तर तो ते सोडवत नाही, क्लेम बंद करतो.