वाफशाची वाट पाहणारे कोळी

भर उन्हाळ्यात जमिनीचा पृष्ठभाग पाय ठेववणार नाही इतका तापला, तरी सुमारे एक फूट खाली दिवस-रात्रीच्या तापमानातील फरक जवळजवळ नाहीसा होतो. रखरखीत प्रदेशात बिळे करून राहणारे कोळी तग धरतात ते या थराच्या आधारावर. मग अनुकूल दिसणाऱ्या कित्येक जमिनींत ते का आढळत नाहीत?

याचे एक उत्तर पश्चिम ऑस्ट्रेलियाच्या गहू पट्ट्यात मिळते. तेथील टॅमिन गावाजवळच्या राखीव रानात संशोधिका बार्बरा यॉर्क मेन यांनी १९७४ पासून ‘गायस व्हिलोसस’ या, बिळाला झाकण बसवणाऱ्या कोळ्याच्या बिळांना क्रमांक देऊन नोंदी ठेवल्या. १६ क्रमांकाची मादी ४३ वर्षे एकाच बिळात जगली. २०१६ मध्ये तिचे बीळ रिकामे आढळले. झाकणाला छिद्र होते. म्हणजे तिचा अंत अवर्षणाने नव्हे, तर बहुधा परजीवी गांधीलमाशीमुळे झाला.

प्रौढ मादीला बिळाचे संरक्षण असते. हवामानाची खरी कसोटी लागते ती पिल्लांची. कडक उन्हाळा आईच्या बिळात काढून, पुढचे पाऊस पडले की ती बाहेर येतात आणि माती ओली आहे तोवर स्वतःचे इवलेसे बीळ खणतात. शेतकऱ्याच्या भाषेत सांगायचे तर त्यांनाही वाफसा लागतो. त्यामुळे वर्षाचा एकूण पाऊस किती, यापेक्षा तो केव्हा पडतो आणि ओल किती दिवस टिकते, याला अधिक महत्त्व आहे. या भागातील हिवाळी पाऊस १९७० नंतर लक्षणीय घटला आहे.

शिवाय ही पिल्ले चालतच जातात, तीही थोडेसेच अंतर. पुष्कळ लांडगा कोळ्यांची पिल्ले रेशमी धाग्यावर वाऱ्याबरोबर दूर पोहोचतात. यांना ती सोय नाही. रानाचे तुकडे गव्हाच्या शेतांनी वेढलेले असल्याने हवामान बदलले तरी अन्यत्र सरकणे अवघड.

पश्चिम घाटातही काही मोठे केसाळ कोळी मातीच्या बांधांत व उतारांवर बिळे करतात. त्यांची पाहणी करताना केवळ बिळे मोजणे फसवे ठरते. रुंद तोंडाची बिळे भरपूर आणि बारीक एकही नाही, असे सलग काही वर्षे दिसले, तर जुन्या माद्या जगत आहेत, नवी पिढी मात्र रुजलेली नाही, अशी शंका घ्यावी. पहिल्या पावसाची तारीख आणि त्यानंतर दिसलेली लहान बिळे एकाच वहीत नोंदवावीत.