‘कुठे उतरणार?’ : एका नागरी प्रश्नाचा विचार

मुंबईच्या उपनगरी गाडीत उभा असलेला प्रवासी बसलेल्या अनोळखी प्रवाशास ‘कुठे उतरणार?’ असे विचारतो, तेव्हा तो प्रश्न वरवर पाहता निव्वळ व्यवहाराचा असतो. ‘ठाणे’ असे उत्तर आले की ठाण्यास मोकळी होणारी जागा विचारणाऱ्याची झाली. हा तोंडी करार सहसा मोडला जात नाही.

या प्रश्नाची घडण मात्र लक्षात घेण्याजोगी आहे. मराठीत समोरच्या व्यक्तीस उद्देशून बोलताना ‘तू’ की ‘तुम्ही’ हे बहुधा आधी ठरवावे लागते. ‘उतरशील’ म्हणावे तर सलगी होते, ‘उतराल’ म्हणावे तर आदर आणि त्याबरोबर अंतर येते. भूतकाळात तर ‘उतरलास’, ‘उतरलीस’ असा लिंगभेदही टळत नाही. ‘णार’ प्रत्ययान्त रूप पुरुष, लिंग, वचन यांपैकी कशानेही बदलत नाही. त्यापुढचे ‘आहेस’ वा ‘आहात’ गाळले की नाते न ठरविताच विचारता येते. मुंबईच्या हिंदीतील ‘किधर उतरना है?’ हेही हेच साधते.

मालिनोव्स्की यांनी १९२३ साली, ऑग्डेन व रिचर्ड्स यांच्या ग्रंथास जोडलेल्या परिशिष्टात, ‘फॅटिक कम्युनियन’ ही संज्ञा योजली. आशयासाठी नव्हे, तर केवळ संबंध जुळावा म्हणून होणारे हवापाण्याचे, क्षेमकुशलाचे बोलणे तीत अभिप्रेत आहे. प्रस्तुत प्रश्न त्या चौकटीत नीट बसत नाही. येथे गरज खरी आहे, आणि तिच्या आडोशानेच बोलणे सुरू होते. शहरातील एकट्या माणसास निष्कारण बोलण्याचा संकोच वाटतो. जागेचे निमित्त असले की तो उरत नाही.

रोज एकाच डब्यातून जाणाऱ्यांत पुढे पिशवी धरणे, सरकून चौथी जागा देणे, ‘काकू’, ‘दादा’ अशी हाक मारणे हे सारे येते. नाव तेवढे विचारले जात नाही. उतरण्याचे स्थानक हेच नाव होऊन बसते : ‘डोंबिवलीच्या काकू’. सोय म्हणून हे ठीकच आहे. परंतु एखाद्या सोमवारी त्या काकू दिसत नाहीत; आठवडा जातो, महिना जातो. बदली झाली, निवृत्ती झाली, की दुखणे आले? चौकशी कोणत्या नावाने करावी? फार तर डब्यात विचारता येते, ‘त्या डोंबिवलीच्या काकू दिसल्या का हो?’ आणि डोंबिवलीस उतरणाऱ्या काकू तर असंख्य असतात.