तू कोण? – संगणकाचा प्रश्न

मागील वर्षीची गोष्ट. हिशेबलेखनाची संगणकावरील प्रात्यक्षिक परीक्षा होती. मी माझे नाव टंकित केले, परवलीचा शब्द दिला. पण संगणक मला ओळखायलाच तयार होईना. दोन-तीनदा प्रयत्न केला. व्यर्थ! हा शब्द मी कन्नड माध्यमातून आलेल्या एका मित्राला विश्वासाने सांगून ठेवला होता. साहजिकच मनात शंकेची पाल चुकचुकली आणि भर परीक्षेच्या खोलीत मी त्याला नको ते बोललो. इतक्यात प्रयोगशाळेचे साहाय्यक आले. पडद्याच्या कोपऱ्यातील घड्याळ अकरा मिनिटे मागे असल्याचे त्यांनी पाहिले, वेळ दुरुस्त केली आणि काय आश्चर्य, दार उघडले!

घड्याळाचा आणि ओळखीचा संबंध काय? या कुतूहलापोटी जे वाचले, ते वाचकांपुढे ठेवतो.

नाव सांगणे वेगळे आणि ते आपलेच आहे हे सिद्ध करणे वेगळे. बँकेतील कारकून धनादेशावरील सही नमुना-सहीशी ताडून पाहतो. संगणकांच्या जाळ्यात मात्र समोर ना चेहरा, ना सही. परवलीचा शब्द जसाच्या तसा पाठवावा, तर वाटेत कोणीही तो टिपून घेईल.

अमेरिकेतील मॅसॅच्युसेट्स इन्स्टिट्यूट ऑफ टेक्नॉलॉजी येथे १९८३ साली ‘अथेना’ प्रकल्प सुरू झाला. विद्यार्थ्यांसाठी जागोजागी संगणक ठेवलेले. कोणीही कोठेही बसावे. तेव्हा केवळ यंत्राच्या सांगण्यावर विश्वास ठेवून भागणार नव्हते. नीडहॅम आणि श्रोडर यांनी १९७८ साली मांडलेल्या पद्धतीच्या आधारे तेथे ‘कर्बेरॉस’ ही व्यवस्था तयार झाली. ग्रीक पुराणात पाताळाच्या दारावर बसणाऱ्या तीन डोक्यांच्या कुत्र्याचे हे नाव! विंडोज २००० पासून कार्यालयांतील जाळ्यांतही हीच पद्धत रुळली.

तिचे मर्म असे. माझ्या परवलीच्या शब्दापासून बनवलेली एक किल्ली मध्यवर्ती संगणकापाशी असते. मी नाव सांगितले, की तो त्या किल्लीने बंद केलेली जणू एक पेटी पाठवतो. पेटीत एक तात्पुरती किल्ली असते. मी खरा असेन, तरच माझ्या शब्दातून तयार होणारी किल्ली ती पेटी उघडील. म्हणजे शब्द जाळ्यावरून जातच नाही! पेटीबरोबर एक तिकीटही येते. ते केंद्राच्या स्वतःच्या किल्लीने मोहोरबंद असल्याने मला त्यात खाडाखोड करता येत नाही. हे तिकीट दाखवून मी छपाईसाठी, फायलींसाठी अशी वेगवेगळी तिकिटे मिळवतो. त्यांची मुदत काही तासांचीच असते.

पण कोणी तिकिटाची नक्कल केली तर? म्हणून तिकिटासोबत त्या क्षणाची वेळ तात्पुरत्या किल्लीने बंद करून पाठवावी लागते. चोरापाशी ती किल्ली नसते. आणि जुनाच लखोटा त्याने नंतर पुन्हा पाठवला, तर वेळ शिळी ठरते. साधारणतः पाच मिनिटांहून अधिक तफावत दिसली, की मागणी फेटाळली जाते. माझी अकरा मिनिटे येथेच नडली! शिवाय समोरच्या सेवेलाही आपली ओळख पटवायला लावता येते. अर्थात सर्व किल्ल्या केंद्रात असल्याने तेच फोडले गेले, तर सारेच उघडे पडते. हा या पद्धतीचा मोठा धोका होय.

आणखी एक गोष्ट उमगली. परवलीचा शब्द ज्याच्यापाशी, तोच संगणकाच्या लेखी ‘मी’. तो शब्द मित्राला देऊन मी त्याच्यावर विश्वास टाकला नव्हता. संशयाचे ओझे टाकले होते. मित्राला वही द्यावी, पुस्तक द्यावे, वेळप्रसंगी पैसेही द्यावेत. हा शब्द मात्र देऊ नये.

परीक्षेनंतर मी त्याला गाठले आणि त्याच्याच भाषेत म्हणालो, “तप्पायितु.” तो हसला आणि मराठीत म्हणाला, “आधी शब्द बदल!”