मावा : पानामागची चक्रवाढ



स्मरणिकेसाठी काही लिहा असे संपादक मंडळाने सांगितले, तेव्हा बँकेतल्या माणसाने कर्ज-योजनांवरच लिहावे अशी त्यांची अपेक्षा असावी. पण पीककर्जाच्या खिडकीवर बसून गेली अनेक वर्षे मी एक शब्द सारखा ऐकतो आहे, त्यावरच लिहावे असे वाटले. तो शब्द म्हणजे मावा. आपल्या बीडमध्ये हा शब्द नुसता उच्चारला तर कुणी पानटपरीकडे बोट दाखवील, कुणी पेढ्याच्या दुकानाकडे. मला सांगायचे आहे ते कपाशीच्या पानामागे बसणाऱ्या किडीविषयी. मी शेतकी शास्त्राचा पदवीधर नाही, कला शाखेचा आहे. तथापि ही कीड ओळखण्यात मी स्वतः एक मोठी चूक केली आहे, आणि ती चूक मला बरेच काही शिकवून गेली.

मावा हा मोहरीच्या दाण्याहूनही लहान, मऊ अंगाचा किडा होय. तो एकटा कधी नसतो. कोवळ्या शेंड्यावर, पानाच्या खालच्या बाजूला, कळीच्या देठाशी दाटीवाटीने बसलेला असतो. आपल्या जिल्ह्यात त्याच्या अनेक जाती आढळतात. गेवराई, माजलगावकडच्या कपाशीवरचा मावा उन्हाच्या दिवसांत पिवळसर आणि गारव्यात हिरवट-काळा दिसतो, पण जात एकच. हाच मावा भेंडी, वांगी, काकडी आणि अंगणातल्या जास्वंदीवरही राहतो. वाल आणि चवळीवरचा चकचकीत काळा मावा वेगळा, करडईवरचा काळा मावा आणखी वेगळा. आष्टी, पाटोद्याकडे रब्बी ज्वारीवर जो ‘चिकटा’ पडतो, तोही बहुधा पिवळसर माव्याचाच प्रताप असतो.

चिकटा पडतो म्हणजे नेमके काय होते? माव्याला चावायला दात नसतात. सुईसारखी सोंड पानाच्या शिरेत खुपसून तो रस ओढतो. या रसात साखर भरपूर, पण अंग वाढवायला लागणारी नत्रयुक्त द्रव्ये फार थोडी. ती पुरेशी मिळावीत म्हणून मावा गरजेपेक्षा कितीतरी जास्त रस पितो आणि नको असलेली साखर गुदद्वारावाटे थेंबाथेंबाने बाहेर टाकतो. (त्याच्या पाठीमागे दोन बारीक नळ्या असतात, त्यांतून हा गोड स्राव येतो असे पुष्कळांना वाटते. ते खरे नव्हे. त्या नळ्यांतून संकटाच्या वेळी एक वास सुटतो आणि शेजारचे मावे सावध होऊन पळू लागतात.) खालच्या पानांवर पडलेल्या या गोड थरावर काळी बुरशी वाढते, पान काजळी धरल्यासारखे होते आणि त्याला ऊन मिळेनासे होते. ज्वारीचा कडबा असा चिकट व काळा झाला की जनावरे तो नीट खात नाहीत, बाजारातही भाव उतरतो. मुंग्यांना मात्र हा स्राव फार आवडतो. झाडावर मुंग्यांची रांग वर चढताना दिसली तर शेंडा पाहावा. पुष्कळदा तेथे मावा सापडतो.

आता त्याच्या वाढीविषयी. सन १७४० मध्ये जिनिव्हा येथील चार्ल्स बॉनेट या वीस वर्षांच्या तरुणाने माव्याचे एक नुकतेच जन्मलेले पिल्लू फांदीसह काचेखाली एकटे ठेवले आणि त्यावर सतत लक्ष ठेवले. नराचा संबंध आला नाही, तरी त्या मादीने ९५ पिल्ले दिली. आपल्याकडच्या उष्ण हवामानात मावा साधारणतः असाच वाढतो. नर नाही, अंडी नाहीत. मादी थेट जिवंत पिल्ले देते आणि त्या सगळ्या मादीच असतात. एवढेच नव्हे, तर जन्मणाऱ्या पिल्लाच्या पोटात पुढच्या पिढीची वाढ आधीच सुरू झालेली असते. आठ-दहा दिवसांत ते पिल्लू स्वतः आई होते.

बँकेतल्या माणसाला हा हिशेब चटकन कळतो, कारण ही चक्रवाढ आहे. समजा एका मादीने पन्नास पिल्ले दिली आणि दर दहा दिवसांनी पिढी बदलली, तर दहाव्या दिवशी ५०, विसाव्या दिवशी २,५००, तिसाव्या दिवशी १,२५,००० आणि चाळिसाव्या दिवशी ६२,५०,०००. पान अपुरे पडू लागले की पंख असलेल्या माद्या निपजतात आणि वाऱ्याबरोबर पुढच्या शेतात जातात.

मग सारे रान माव्याने काळे का होत नाही? कारण या चक्रवाढीची वसुली रोजच्या रोज चाललेली असते. जोराचा पाऊस मावा धुऊन टाकतो. क्रायसोपाच्या आणि सिरफीड माशीच्या अळ्या तो खातात. काही बारीक माश्या माव्याच्या अंगात अंडे घालतात; असा मावा फुगून बदामी रंगाचा, कागदासारखा कोरडा होऊन पानाला चिकटून राहतो. आणि सर्वांत मोठा वसुली अधिकारी म्हणजे ढालकिडा, ज्याला इंग्रजीत लेडी बर्ड म्हणतात. लाल-नारिंगी पाठीवर काळे ठिपके असलेला हा गोल किडा सर्वांना माहीत असतो. पण त्याची अळी फार थोड्यांना माहीत असते, आणि माझी चूक झाली ती इथेच.

दहा-बारा वर्षांपूर्वी पावसाने वाफसा लवकर येऊ दिला नाही म्हणून थोरल्या भावाची करडई नोव्हेंबरात पेरली गेली. डिसेंबरात आभाळ आले, थंडी पडली आणि शेंडे काळे झाले. रविवारी मी रानात गेलो. माव्याच्या गर्दीत करड्या-काळ्या, काटेरी, अंगावर नारिंगी ठिपके असलेल्या अळ्या फिरत होत्या. दिसायला मगरीच्या पिल्लासारख्या. मी शिकलेला, तेव्हा माझ्या शब्दाला घरात वजन. मी म्हणालो, “भाऊ, पीक खातंय ते हेच. आधी ह्यांचा बंदोबस्त कर.” दुकानदाराने एक जालीम औषध दिले. भावाने फवारले. दुसऱ्या दिवशी सगळ्या अळ्या मेलेल्या पाहून मला समाधान वाटले. मावाही बराच मेला होता, पण पोंग्यातला आणि पानाआडचा राहिला. पंधरा दिवसांत करडई पूर्वीपेक्षा काळी झाली. दुसरी फवारणी, मग तिसरी. त्या वर्षी करडईचे जे झाले ते झाले, औषधाची उधारी मात्र उन्हाळ्यापर्यंत फिटत होती. पुढे परभणीच्या कृषी विद्यापीठाच्या मेळाव्यात एका फलकावर त्याच अळीचे चित्र पाहिले. खाली लिहिले होते : मित्रकीटक. ती ढालकिड्याची अळी होती, आणि अशी एक अळी आपल्या वाढीच्या काळात शेकडो मावे खाते. भावाला ते सांगायला मला चार दिवस लागले. ऐकून तो एवढेच म्हणाला, “मग आपण राखणदारच मारला की.”

माव्याचा शत्रू नसेल तर काय होते हे आपल्या जिल्ह्यातील कुटुंबांनी शेजारच्या जिल्ह्यांत जाऊन पाहिले आहे. सन २००२ च्या पावसाळ्यात सांगली जिल्ह्यातील उसावर लोकरी मावा प्रथम दिसला. ही जात तोवर ईशान्य भारताकडे माहीत होती. हिच्या अंगावर पांढऱ्या मेणाचे तंतू असतात. थोड्याच काळात ती कोल्हापूर, सातारा, सोलापूर, पुणे, अहमदनगर (आताचे अहिल्यानगर) अशी पसरली. माझे आईवडील तेव्हा कोयत्याला जात. मी कॉलेजात होतो. परत आल्यावर वडील म्हणाले, “उसाला कापूस फुटल्यागत झालंय.” टोळीची मजुरी टनावर, आणि उचल आधीच घेतलेली. ऊसच हलका झाला तर उचल फिटायची कशी? २००३-०४ आणि २००४-०५ या हंगामांत दुष्काळ आणि लोकरी मावा दोन्ही एकदम आले, आणि राज्याचे साखरेचे उत्पादन निम्म्यावर आणि त्याहूनही खाली गेले. आणखी एक गोष्ट अशी की, वाढे विकून मजुराला चार पैसे सुटतात. पण बाधित फडातल्या वाढ्याबरोबर मावा दुसऱ्या गावी जातो, म्हणून वाढे हलवू नये असा सल्ला दिला जात होता. सल्ला बरोबर होता, पण त्याचा भार कोणावर पडला हेही लक्षात ठेवले पाहिजे.

पुरुषभर उंच उसात फवारणी कशी करणार? ती फारशी उपयोगी पडलीही नाही. मावा आटोक्यात आला तो मुख्यतः मित्रकीटकांमुळे. डिफा नावाच्या पतंगाची अळी आणि मायक्रोमस या कीटकाची अळी लोकरी मावा खातात. शास्त्रज्ञांनी व कारखान्यांनी त्यांची वाढ करून त्या फडात सोडल्या; अनेक शेतकऱ्यांनी डिफा असलेली पाने एका फडातून दुसऱ्या फडात नेऊन बांधली. एन्कार्सिया ही सूक्ष्म परोपजीवी माशीही पुढे कामाला आली. दोन-तीन वर्षांत जोर ओसरला.

आता कपाशीकडे वळू. माझ्या खिडकीवर येणारे पुष्कळ लोक म्हणतात, “बीटी लावली, तरी मावा आलाच.” बीटी कपाशीला आपल्या देशात २००२ साली परवानगी मिळाली ती बोंडअळीसाठी. रस शोषणाऱ्या किडीवर तिचा परिणाम होत नाही. मात्र पाकिटातल्या बियाण्याला बहुधा रसशोषक किडीविरुद्ध औषध चोळलेले असते, त्यामुळे सुरुवातीच्या काही आठवड्यांत फवारणीची घाई करण्याचे कारण नसते. त्यानंतर मोजावे. शेतात फिरून वीस झाडे निवडावीत, प्रत्येकाचे वरचे, मधले व खालचे एकेक पान उलटून मावे मोजावेत आणि सरासरी काढावी. सरासरी पानामागे दहाच्या आत असेल तर थांबावे. दहाच्या आसपास असेल आणि ढालकिडे भरपूर असतील, तर दोन-तीन दिवसांनी पुन्हा मोजावे. युरियाचा मारा जास्त झालेल्या, लुसलुशीत कपाशीवर मावा अधिक येतो हेही ध्यानात ठेवावे. बांधाकडेने चवळीच्या ओळी लावल्या तर चवळीवरचा काळा मावा सहसा कपाशीवर जात नाही, पण त्याला खायला आलेले ढालकिडे कपाशीत उतरतात.

फवारणी करावीच लागली तर प्रथम निंबोळी अर्क. पाच किलो निंबोळीचा भरडा नऊ-दहा लिटर पाण्यात रात्रभर भिजवून सकाळी गाळावा, त्यात २०० ग्रॅम साबणाचे पाणी मिसळावे आणि एकूण १०० लिटर करावे. फवारा पानाच्या खालून बसला पाहिजे. रासायनिक औषध घ्यायचेच तर एका वेळी एकच, तेही कृषी विद्यापीठाच्या शिफारशीतले घ्यावे. दुकानदार दोन-तीन बाटल्या एकत्र करायला सांगतो, ते ऐकू नये. २०१७ च्या खरिपात यवतमाळ जिल्ह्यात कपाशीवर फवारताना विषबाधा होऊन वीसहून अधिक शेतकरी व शेतमजूर दगावले. पंप पाठीवर घेणारा पुष्कळदा शेताचा मालक नसतो, रोजाने आलेला मजूर असतो. आपल्यापैकी अनेकांच्या घरचाच तो माणूस असतो. तेव्हा हातमोजे, तोंडाला फडके, अंगभर कपडे आणि वाऱ्याची दिशा या गोष्टी ज्याची त्याने आधी पाहाव्यात. मालकाने दिले नाही तर मागून घ्यावे.

पपईची गोष्ट निराळी आहे. तिच्यावर मावा वस्ती करीत नाही, पण जाता जाता एखादे पान चाखतो आणि तेवढ्या क्षणात रिंगस्पॉट रोगाचा विषाणू सोडून जातो. औषधाने तो मरेपर्यंत रोग लागून गेलेला असतो, म्हणून येथे फवारणीवर विसंबून चालत नाही. रोगट झाड दिसताच उपटणे आणि बागेभोवती मक्याच्या दाट ओळी आधीच लावणे हाच त्यातल्या त्यात बरा उपाय.

अंगणातल्या गुलाबावर किंवा शेवंतीवर मावा आला तर औषध आणूच नये. पाण्याची जोरदार धार दोन-तीन दिवस शेंड्यावर मारावी, फार भरलेला शेंडा खुडून साबणाच्या पाण्यात टाकावा.

विद्यार्थ्यांना हे सगळे पुस्तकाशिवाय पाहता येते. रस्त्याकडेच्या रुईच्या शेंड्यावर पिवळाधमक मावा असतो. तो रुई-कण्हेरीच्या जातीतल्या झाडांवरच राहतो, कपाशीला त्याचा त्रास नाही. तेथे आठ दिवस रोज जावे. ढालकिड्याची उभी पिवळी अंडी, मग ती मगरीसारखी अळी, मग पानाला चिकटलेला कोष, सारे त्याच फांदीवर सापडेल.

भावाची करडई आता सप्टेंबरअखेर ते ऑक्टोबरच्या मध्यापर्यंत पेरली जाते, त्यामुळे मावा येईपर्यंत झाडाचे अंग बळकट झालेले असते. मावा आधी बांधाकडच्या ओळींवर दिसतो. तो दिसला की भाऊ मला फोन करतो आणि पहिला प्रश्न विचारतो तो औषधाचा नसतो. “अळ्या आल्यात,” तो म्हणतो, “ठिपक्याच्या. आता आठ दिवस बघू.”