न्यायालयीन मराठी परिभाषा

न्यायालयीन मराठी परिभाषा म्हणजे महाराष्ट्रातील दिवाणी व फौजदारी न्यायालये, पोलीस ठाणी, दुय्यम निबंधक कार्यालये आणि वकिली व्यवसाय यांत रूढ असलेला मराठी शब्दसंग्रह. यात फारसी-अरबी मूळ असलेले जुने शब्द (फिर्याद, कैफियत, दरखास्त), राजभाषेच्या धोरणानंतर घडवलेले संस्कृतनिष्ठ शब्द (दोषारोपपत्र, अभिहस्तांतरण) आणि इंग्रजीतून जसेच्या तसे आलेले शब्द (समन्स, बेलिफ, कॅव्हेट) एकत्र नांदतात. एकाच कागदावर तिन्ही थर आढळणे ही नेहमीची गोष्ट आहे.

ठाणे जिल्ह्यात ही परिभाषा मोठ्या लोकवस्तीच्या रोजच्या व्यवहाराशी जोडलेली आहे. जिल्हा व सत्र न्यायालय ठाणे शहरात असून त्या परिसराला ‘कोर्ट नाका’ हेच नाव पडले आहे. कल्याण येथे दिवाणी व न्यायदंडाधिकारी न्यायालयांबरोबर अतिरिक्त सत्र न्यायाधीशांचे न्यायालय आहे आणि डोंबिवलीतील प्रकरणेही तेथे चालतात. सदनिकेची खरेदी, भाडेकरूचा वाद, लोकल प्रवासातील चोरी किंवा अपघात यांपैकी कोणत्यातरी निमित्ताने येथील सामान्य कुटुंबाच्या हाती न्यायालयाचा किंवा पोलिसांचा कागद येतो. त्यातील एखाद्या शब्दाचा अर्थ न कळल्यामुळे मुदत निघून जाते, आणि गेलेली मुदत परत मिळवणे कठीण असते.

पार्श्वभूमी

मराठेशाहीत न्यायदानाला ‘मनसुबी’ म्हणत. गोतसभेसमोर झालेल्या निवाड्याचा ‘महजर’ तयार होई आणि त्यावर उपस्थितांच्या निशाण्या असत. हरलेला पक्ष आपली हार मान्य करणारे ‘यजितपत्र’ लिहून देई. हे शब्द आज इतिहासाच्या अभ्यासकांपुरतेच उरले आहेत. मात्र ‘निशाणी’ टिकून राहिली: दाव्यात दाखल झालेल्या अर्जाला व पुराव्यातील कागदाला न्यायालय जो क्रमांक देते, त्याला आजही ‘निशाणी क्रमांक’ असेच म्हणतात.

शिवकाळात राज्यव्यवहारकोशाद्वारे फारसी शब्दांना संस्कृत पर्याय देण्याचा प्रयत्न झाला, तरी कचेरीतील फारसी वळण गेले नाही. इंग्रजी अमलात कायद्याची चौकट बदलली, पण नाजर, शिरस्तेदार, वकील, जामीन हे शब्द नव्या चौकटीत तसेच बसले. १९६० मध्ये राज्य शासनाचे भाषा संचालनालय स्थापन झाले. त्याने तयार केलेल्या परिभाषा कोशांत ‘न्यायव्यवहार कोश’ आहे. कोशातील सर्वच शब्द न्यायालयात रुजले असे नाही. जुना शब्द छोटा आणि सरावाचा असला की नवा मागे पडतो, आणि यात वकिलांचा हट्ट कमी, सोय अधिक आहे.

दिवाणी दाव्यातील शब्द

दावा दाखल करणारा तो वादी आणि ज्याच्याविरुद्ध तो दाखल होतो तो प्रतिवादी. वादीच्या मूळ लेखी निवेदनास वादपत्र म्हणतात. त्यात ‘दाव्यास कारण’ या शीर्षकाखाली जो परिच्छेद असतो, त्याचा अर्थ वादीचा हेतू असा नाही. ज्या घटनांमुळे दावा करण्याचा हक्क निर्माण झाला त्या घटना आणि त्यांच्या तारखा तेथे सांगायच्या असतात. मुदत कायदा, १९६३ नुसार दावा वेळेत आहे की नाही, हे बहुधा याच परिच्छेदावरून तपासले जाते.

दावा दाखल झाल्यावर प्रतिवादीला समन्स निघते. समन्स म्हणजे शिक्षा नव्हे आणि आरोपही नव्हे. अमुक तारखेस हजर राहून आपले म्हणणे मांडावे, एवढीच ती सूचना असते. तरीही बेलिफ दारात आला की कागद न घेणे हा बचावाचा मार्ग आहे, असा समज अनेक घरांत असतो. समन्स नाकारले तरी न्यायालय बजावणी झाली असे धरू शकते, आणि मग दावा ‘एकतर्फी’ चालतो.

प्रतिवादीच्या लेखी उत्तराला कैफियत म्हणतात. रोजच्या बोलण्यात कैफियत म्हणजे गाऱ्हाणे. न्यायालयात मात्र वादपत्रातील प्रत्येक विधान मान्य की अमान्य, हे कारणांसह सांगणारा तो दस्तऐवज आहे. ज्या विधानाला स्पष्ट नकार दिलेला नसतो ते मान्य धरले जाऊ शकते. दिवाणी प्रक्रिया संहितेनुसार कैफियत समन्स मिळाल्यापासून ३० दिवसांत द्यायची असते आणि न्यायालय कारणे नोंदवून ९० दिवसांपर्यंत मुदत वाढवू शकते. ती न दिल्यास ‘विना कैफियत’ आदेश होतो. प्रतिवादी हजर नसताना झालेला एकतर्फी हुकूमनामा रद्द करून घेण्यासाठी सामान्यतः ३० दिवसांची मुदत आहे. समन्स रीतसर बजावले गेले नसेल, तर ती हुकूमनाम्याची माहिती झाल्यापासून मोजली जाते.

दोन्ही बाजूंचे लेखी म्हणणे आल्यावर न्यायालय वादमुद्दे काढते. साक्षीदाराला बोलावणाऱ्या पक्षाने घेतलेली साक्ष म्हणजे सरतपास, विरुद्ध पक्षाच्या वकिलाने विचारलेले प्रश्न म्हणजे उलटतपास, आणि त्यातून संदिग्धता राहिली तर तिच्यापुरता फेरतपास. प्रत्येक तारखेस काय झाले याची नोंद ‘रोजनामा’त होते. ‘तहकूब’ म्हणजे कामकाज पुढील तारखेपर्यंत थांबवणे.

‘पुरसिस’ हा शब्द न्यायालयांबाहेर फारसा ऐकू येत नाही. त्याचे मूळ विचारपूस या अर्थाच्या फारसी शब्दात आहे. पक्षकार किंवा वकील न्यायालयास जे छोटे लेखी निवेदन देतो, त्याला पुरसिस म्हणतात: आणखी पुरावा द्यायचा नाही, दावा काढून घ्यायचा आहे, तडजोड झाली आहे, इत्यादी. कागद लहान असला तरी परिणाम मोठा असतो. पुरावा संपल्याची पुरसिस दिल्यावर नवा साक्षीदार आणायचा तर न्यायालयाची परवानगी लागते. म्हणून न वाचता सही करण्याच्या कागदांत तिची गणना होऊ नये.

मनाई हुकूम आणि स्थगिती यांत फरक आहे. मनाई हुकूम एखाद्या व्यक्तीला विशिष्ट कृती करण्यापासून रोखतो, उदाहरणार्थ शेजाऱ्याने सामाईक रस्ता अडवू नये. स्थगिती ही सहसा एखाद्या आदेशाची किंवा कार्यवाहीची अंमलबजावणी थांबवते. ‘जैसे थे’ आदेशाने आहे ती स्थिती दोन्ही पक्षांवर बंधनकारक होते. तो वादीच्या बाजूने लागलेला निकाल नसतो, जरी वस्तीत तसेच सांगितले जात असले तरी.

न्यायनिर्णय म्हणजे कारणांसह दिलेला निकाल, आणि त्यावरून काढलेला अंमलयोग्य औपचारिक आदेश म्हणजे हुकूमनामा. हुकूमनामा हाती आला म्हणजे घराचा ताबा किंवा पैसे मिळाले असे होत नाही. प्रतिवादीने तो पाळला नाही, तर अंमलबजावणीसाठी वेगळी ‘दरखास्त’ दाखल करावी लागते. कोशात दरखास्त म्हणजे विनंती, व्यवहारात प्रस्ताव, परंतु दिवाणी न्यायालयात ती हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीची कार्यवाही आहे. सर्वसाधारण हुकूमनाम्यासाठी तिची मुदत १२ वर्षे आहे. ई-कोर्ट्स सेवेवर १६ अक्षर-अंकांचा सी.एन.आर. क्रमांक टाकून प्रकरणाची स्थिती पाहता येते. तेथे दिसणारा ‘निकाली’ हा शेरा कोण जिंकले हे सांगत नाही. दावा मंजूर झाला, फेटाळला गेला किंवा काढून घेतला, तरी तो निकालीच निघतो.

फौजदारी प्रकरणांतील शब्द

१ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहिता, भारतीय नागरिक सुरक्षा संहिता आणि भारतीय साक्ष्य अधिनियम हे तीन कायदे अमलात आले. त्यांनी अनुक्रमे १८६० ची भारतीय दंड संहिता, १९७३ ची फौजदारी प्रक्रिया संहिता आणि १८७२ चा पुरावा कायदा यांची जागा घेतली. कलमांचे क्रमांक बदलले: खुनाच्या शिक्षेचे कलम ३०२ आता १०३ झाले, तर फसवणुकीचे ४२० आता ३१८ (४) मध्ये आहे. बोलीभाषेतील ‘चारसोबीस’ मात्र संसदेच्या कायद्याने बदलणार नाही.

दखलपात्र गुन्ह्यात पोलीस न्यायालयाच्या आदेशाविना तपास सुरू करू शकतात आणि अशा गुन्ह्याची खबर मिळाल्यावर प्रथम खबरी अहवाल नोंदवणे त्यांना बंधनकारक आहे. अदखलपात्र गुन्ह्याची केवळ नोंद होते आणि न्यायदंडाधिकाऱ्याच्या आदेशाशिवाय तपास होत नाही. ‘एन.सी. केली’ असे सांगून घरी परतलेल्या व्यक्तीचा तपास सुरू झालेला नसतो, ही गोष्ट अनेकांना महिन्या-दोन महिन्यांनी कळते.

गुन्हा कोठेही घडलेला असला तरी खबर कोणत्याही पोलीस ठाण्यात देता येते. हद्द दुसरी असल्यास तो ‘शून्य क्रमांकाने’ नोंदवून संबंधित ठाण्याकडे वर्ग केला जातो. मध्य रेल्वेच्या प्रवाशांना याचा उपयोग अधिक. धावत्या गाडीत मोबाइल नेमका ठाण्याला गेला की कल्याणला, हे सांगता येत नाही.

रेल्वेमार्गावरील मृत्यूच्या कागदात बहुधा ‘अकस्मात मृत्यू’ अशी नोंद असते. याचा अर्थ कोणावर गुन्हा दाखल झाला असा नाही, आणि प्रकरण संपले असाही नाही. मृत्यूचे कारण शोधण्यासाठी केलेली ती चौकशी असते. त्यात मरणोत्तर पंचनामा होतो. पंचनामा म्हणजे पंचांच्या समक्ष पाहिलेल्या स्थितीचे टिपण, मग ते घटनास्थळाचे असो, जप्तीचे असो वा मृतदेहाचे. मृताजवळ तिकीट किंवा पास सापडला का, ही पंचनाम्यातील एक ओळ पुढे रेल्वे दावा न्यायाधिकरणात महत्त्वाची ठरते. रेल्वे अधिनियम, १९८९ खालील भरपाई ‘प्रामाणिक प्रवाशा’च्या बाबतीत मिळते आणि मृत्यूसाठी ती १ जानेवारी २०१७ पासून ८ लाख रुपये आहे. तिकीट सापडले नाही एवढ्यावरून मृत व्यक्ती प्रामाणिक प्रवासी नव्हती असे ठरत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने रीना देवी प्रकरणात २०१८ मध्ये स्पष्ट केले. वारसांनी प्रतिज्ञापत्राद्वारे आवश्यक ती वस्तुस्थिती मांडली, की ती खोडून काढण्याची जबाबदारी रेल्वेवर येते.

पोलीस कोठडीत आरोपी तपासासाठी पोलिसांच्या ताब्यात असतो, न्यायालयीन कोठडीत तो कारागृहात असतो. पोलीस कोठडी एकूण १५ दिवसांपेक्षा अधिक नसते, मात्र नव्या संहितेनुसार गुन्ह्याच्या स्वरूपाप्रमाणे पहिल्या ४० किंवा ६० दिवसांत ती तुकड्यातुकड्यांनी देता येते. जामीन म्हणजे सुटका, निर्दोषत्व नव्हे. जातमुचलका हे आरोपीचे स्वतःचे बंधपत्र, तर जामीनदार हा त्याच्या हजेरीची हमी घेणारा दुसरा माणूस. आरोपी गैरहजर राहिल्यास रक्कम जामीनदाराकडून वसूल होऊ शकते. शेजारधर्म म्हणून सही करणाऱ्याने हे जाणून घेतलेले बरे.

तपासाअंती पोलीस दोषारोपपत्र दाखल करतात. वर्तमानपत्रे त्याला आरोपपत्र म्हणतात. पुरावा न मिळाल्यास महाराष्ट्रात ‘समरी’ अहवाल पाठवण्याची पद्धत आहे: गुन्हा खरा पण आरोपी सापडला नाही तर ‘अ’, खबर हेतुपुरस्सर खोटी असेल तर ‘ब’, आणि वस्तुस्थितीच्या गैरसमजातून किंवा दिवाणी स्वरूपाच्या वादातून ती दिलेली असेल तर ‘क’. अशा अहवालावर निर्णय घेण्यापूर्वी फिर्यादीला न्यायालयात म्हणणे मांडण्याची संधी मिळते. त्यासाठी आलेली नोटीस म्हणजे फिर्यादीवरच झालेली कारवाई, असे समजून पुष्कळजण जातच नाहीत आणि प्रकरण बंद होते.

आरोपमुक्ती आणि निर्दोष मुक्तता हे शब्द बातम्यांत सर्रास एकमेकांच्या जागी येतात. आरोप निश्चित होण्यापूर्वीच पुरेसा आधार नाही म्हणून सोडणे ही आरोपमुक्ती. खटला पूर्ण चालून गुन्हा सिद्ध न झाल्यामुळे सोडणे ही निर्दोष मुक्तता.

घर, जमीन आणि वारसा

साठेखत हा विक्रीचा करार आहे, खरेदीखत ही प्रत्यक्ष विक्री. मालमत्ता हस्तांतरण अधिनियम, १८८२ च्या कलम ५४ नुसार केवळ विक्रीच्या कराराने मालकी हक्क जात नाही. कुलमुखत्यारपत्रानेही तो जात नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने सुरज लॅम्प प्रकरणात २०११ मध्ये सांगितले.

सदनिकांच्या बाबतीत आणखी एक पायरी आहे. इमारत व जमीन यांची मालकी विकासकाकडून गृहनिर्माण संस्थेच्या नावे होणे म्हणजे अभिहस्तांतरण. विकासकाने ते टाळल्यास संस्था जिल्हा उपनिबंधक, सहकारी संस्था यांच्याकडे ‘मानीव अभिहस्तांतरणा’साठी अर्ज करू शकते. ‘मानीव’ म्हणजे प्रत्यक्षात झाले नसले तरी कायद्याने झाले असे मानलेले. ठाणे-डोंबिवलीतील जुन्या इमारतींच्या पुनर्विकासात हा अवघड शब्द वारंवार येतो, आणि त्याला सोपा पर्याय अद्याप कोणी दिलेला नाही.

नोंदणी या शब्दावरचा विश्वासही येथे महागात पडला आहे. खोट्या परवानग्यांच्या आधारे महारेरा नोंदणी मिळवलेल्या कल्याण-डोंबिवलीतील ६५ बेकायदा इमारतींवर कारवाई करण्याचा आदेश मुंबई उच्च न्यायालयाने २०२४ मध्ये दिला. प्रकल्पाची नोंदणी, दस्ताची नोंदणी, बांधकाम प्रारंभ प्रमाणपत्र आणि भोगवटा प्रमाणपत्र या चार भिन्न गोष्टी आहेत. पहिल्या दोन असल्या तरी नंतरच्या दोन अस्सल आहेत असे सिद्ध होत नाही.

नामनिर्देशित व्यक्ती ही वारस असेलच असे नाही. समभाग किंवा संस्थेतील सदनिका यांबाबत नामनिर्देशनाने मालकी ठरत नाही, ती उत्तराधिकाराच्या कायद्याने किंवा मृत्युपत्राने ठरते. ‘वारस दाखला’ दिवाणी न्यायालय १८२७ च्या मुंबई विनियम ८ खाली देते. ‘उत्तराधिकार प्रमाणपत्र’ भारतीय उत्तराधिकार अधिनियम, १९२५ खाली मिळते आणि ते मृताचे येणे व रोखे यांपुरते असते. बँकेने एक मागितले असता दुसरे नेल्यास कित्येक महिन्यांचा खर्च वाया जातो.

राजभाषा आणि कनिष्ठ न्यायालये

राज्यघटनेच्या अनुच्छेद ३४८ नुसार उच्च न्यायालयाची भाषा इंग्रजी आहे. कनिष्ठ न्यायालयांची भाषा ठरवण्याचा अधिकार राज्य शासनाला आहे. त्यानुसार २१ जुलै १९९८ च्या अधिसूचनेने, काही बाबींचा अपवाद करून, मराठी ही महाराष्ट्रातील जिल्हा व त्याखालील न्यायालयांची भाषा ठरवण्यात आली. प्रत्यक्ष वापर व्हावा यासाठी पाठपुरावा करणाऱ्यांत कल्याणचे वकील शांताराम दातार आणि मराठी भाषा संरक्षण व विकास संस्था यांचे नाव प्रामुख्याने घेतले जाते.

अंमलबजावणी सर्वत्र सारखी नाही. साक्षी मराठीत नोंदवल्या जातात, पण युक्तिवादात उद्धृत होणारे उच्च व सर्वोच्च न्यायालयांचे निर्णय इंग्रजीत असतात आणि अनेक न्यायनिर्णयही त्याच भाषेत लिहिले जातात. अपील उच्च न्यायालयात गेल्यास मराठी कागदांचे भाषांतर करावे लागते. भाषांतरात ‘वहिवाट’सारखा शब्द आला की अडचण होते, कारण त्यात ताबा, प्रत्यक्ष उपभोग आणि जाण्या-येण्याचा हक्क हे तिन्ही अर्थ सामावलेले आहेत. साक्षीदाराला त्यांपैकी कोणता अभिप्रेत होता, यावर रस्त्याचा किंवा कुळाचा संपूर्ण दावा फिरू शकतो.