‘सिंहगड’ (१९२३): घरच्या कॅमेऱ्यावर रंगलेली लढाई

पिंपरी-चिंचवडकर, चाकणकर मंडळी, शिफ्ट संपवून रविवारी पहाटे सिंहगड चढणारे आपल्यात खूप आहेत. याच गडावर १९२३ साली एक मूकपट आला होता, हे किती जणांना ठाऊक आहे?

दिग्दर्शक होते बाबूराव पेंटर, संस्था कोल्हापूरची महाराष्ट्र फिल्म कंपनी. कथेचा आधार हरि नारायण आपटे यांची ‘गड आला पण सिंह गेला’ ही कादंबरी. सिंहगडावरच्या ४ फेब्रुवारी १६७० च्या रात्रीच्या लढाईला आपट्यांनी कमलकुमारीच्या कल्पित कथेची जोड दिली होती. सिनेमात आवाजच नव्हता. त्यामुळे कादंबरीतले पानंच्या पानं चालणारे संवाद गाळून सगळी भिस्त अभिनय, नेपथ्य आणि हाणामारीवर.

साधनं तुटपुंजी होती. तरी बाबूरावांनी कोल्हापुरातच स्वतःचा कॅमेरा बनवला होता. तोवर आपल्याकडे चित्रीकरण मुख्यतः सूर्यप्रकाशात चाले. ही लढाई तर रात्रीची! त्यासाठी कृत्रिम दिवे वापरले गेले, आणि भारतीय सिनेमातल्या अशा पहिल्या प्रयोगांमध्ये ‘सिंहगड’चं नाव आदराने घेतलं जातं. या लढाईतल्या शेलारमामांच्या भूमिकेत होते तरुण व्ही. शांताराम. पुढे १९३३ मध्ये त्यांनीच ‘प्रभात’ फिल्म कंपनीसाठी हीच कथा बोलपटात आणली.

एवढ्याशा भांडवलावर एवढी मोठी झेप घेणारी ही माणसं आपली आहेत, याचा मला मनापासून अभिमान वाटतो. पुढच्या वेळी गडावर जाण्याआधी आपट्यांची कादंबरी नक्की वाचा. आणि ही पोस्ट तुमच्या ट्रेकच्या ग्रुपवर पाठवा!

#सिंहगड #बाबूरावपेंटर #मराठीसिनेमा